‘तुनं काय जास?’ : शाळा-संस्थेवरच्या सरकारी आदेशाला आव्हान कोण देऊ शकतो?

शाळेवर प्रशासक बसला, मान्यता काढली, वर्ग शेजारच्या गावाला जोडले किंवा सचिव म्हणून भलत्याच माणसाची सही चालेल असे पत्र निघाले, की पहिल्या आठवड्यातच पारावर ठरते : आपण कोर्टात जाऊ. वर्गणीही गोळा होते. मग औरंगाबाद खंडपीठात पहिल्याच तारखेला सरकारी वकील उभे राहतात आणि आदेश बरोबर की चूक यावर एक शब्द न बोलता विचारतात, ‘याचिकाकर्त्याचा लोकस काय?’ लोकस म्हणजे दाद मागण्याचा हक्क.

अहिराणीत हाच प्रश्न तीन शब्दांत आहे : तुनं काय जास? तुझं काय जातं? या आदेशामुळे तुमचे नेमके काय गेले, हे कायद्याच्या भाषेत सांगता आले नाही तर पुढचे शंभर पानी मुद्दे कोणी वाचत नाही. जळगाव, धुळे, नंदुरबारच्या संस्थांची प्रकरणे आदेशाच्या गुणदोषांपेक्षा या दारातच जास्त अडकतात, आणि त्यातली बरीचशी केवळ एक ठराव किंवा एक पावती नसल्यामुळे. म्हणून इथे मुख्य भर दाद मागण्याच्या हक्कावर आहे. याचिकेतले बाकीचे मुद्दे वकील रचतीलच.

सुरुवात एका वाक्यापासून

वकिलाकडे जाण्याआधी कोऱ्या कागदावर एकच वाक्य लिहा : ‘अमुक तारखेच्या, अमुक क्रमांकाच्या आदेशाने माझा अमुक हक्क गेला, जो मला अमुक कायद्याने दिला आहे.’ आदेश, हक्क आणि कायदा या तिन्ही जागा भरता आल्या तर तुम्ही बाधित व्यक्ती. ‘गावाची बदनामी झाली’, ‘संस्थापकांच्या आत्म्याला काय वाटेल’, ‘अधिकारी पैसे खाऊन बसला’ ही वाक्ये खरी असली तरी तिसरी जागा भरत नाहीत.

उदाहरण घ्या. निर्वाचित कार्यकारी मंडळाचा सचिव लिहितो : ‘या आदेशाने संस्थेचे व्यवस्थापन माझ्या मंडळाकडून काढले. ते मंडळ संस्थेच्या घटनेनुसार निवडून आले असून त्याची मुदत संपलेली नाही.’ हे वाक्य उभे राहते. त्याच गावातला निवृत्त मुख्याध्यापक लिहितो : ‘या शाळेसाठी मी तीस वर्षे घातली.’ आदर वाटतो, पण हक्क दिसत नाही. तोच माणूस संस्थेचा आजीव सभासद निघाला तर मात्र चित्र बदलते.

आदेश हातात घेऊन वाचा

वर्तमानपत्रातल्या बातमीवर किंवा व्हॉट्सॲपवरच्या अर्ध्या फोटोवर याचिका करू नका. आदेशाची पूर्ण प्रत मिळवा आणि ज्या दिवशी मिळाली त्या दिवसाची नोंद आवक रजिस्टरला करा. पाकीटही जपून ठेवा, कारण मुदत मोजताना पोस्टाचा शिक्का कामी येतो.

मग वरपासून वाचा. शासन निर्णय असेल तर ‘वाचा’ या शीर्षकाखाली जुन्या निर्णयांची यादी असते, शेवटी ‘राज्यपाल यांच्या आदेशानुसार व नावाने’ हे शब्द असतात आणि संगणक सांकेतांक दिलेला असतो. शिक्षणाधिकारी किंवा उपसंचालकांचे पत्र असेल तर ‘संदर्भ’ असतो. आदेशातली सगळ्यात बोलकी जागा हीच. संदर्भ १ तक्रार अर्ज, २ चौकशी अहवाल, ३ नोटीस, ४ खुलासा, ५ सुनावणी अशी साखळी पूर्ण आहे का, ते बघा. नोटिशीनंतर एकदम आदेश आला आणि खुलासा किंवा सुनावणीचा उल्लेखच नाही, तर नैसर्गिक न्यायाचा, म्हणजे बाजू न ऐकताच निर्णय दिल्याचा, मुद्दा कागदावरच मिळाला. ज्या संदर्भाची प्रत तुमच्याकडे नाही, तो लाल पेनाने गोल करा. माहितीच्या अधिकारात पुढे हेच मागायचे आहे.

‘मा. मंत्री महोदयांच्या निर्देशानुसार’ असे शब्द दिसले तर त्या ओळीखाली रेघ मारा. कायद्याने जो अधिकार शिक्षणाधिकाऱ्याला दिला तो त्याने स्वतः विचार करून वापरायचा असतो, वरून आलेल्या हुकमाने नाही. सर्वोच्च न्यायालयाने गोरधनदास भानजी प्रकरणात १९५१ सालीच हे सांगितले. शिवाय मोहिंदरसिंग गिल प्रकरणात, १९७७ मध्ये, असे ठरले की आदेश टिकतो की नाही हे त्यात लिहिलेल्या कारणांवरूनच बघायचे. नंतर प्रतिज्ञापत्रात नवी कारणे चिकटवता येत नाहीत. म्हणून आदेशात काय नाही, तेही टिपून ठेवा.

शेवटी ‘प्रत’ कोणाकोणाला आहे ते बघा. तुमचे नाव तिथे असेल तर आदेश थेट तुमच्यावर आहे. नसेल तर तुमचा संबंध तुम्हालाच जोडून दाखवावा लागेल.

कोण उभा राहू शकतो

*संस्था.* शाळेच्या नावाने याचिका टाकायची सवय जुनी आहे, पण शाळा ही कायद्याने स्वतंत्र व्यक्ती नाही, तिची चालक संस्था आहे. आपल्याकडच्या बहुतेक संस्था दुहेरी नोंदणीच्या : सोसायटी नोंदणी अधिनियम, १८६० खाली सोसायटी आणि महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियम, १९५० खाली ‘एफ’ क्रमांकाचा ट्रस्ट. सोसायटी कायद्याच्या कलम ६ नुसार दावा अध्यक्ष, मुख्य सचिव किंवा विश्वस्तांच्या नावे, संस्थेच्या नियमांत जे ठरले असेल त्याप्रमाणे चालतो. नियमांत काहीच नसेल तर कार्यकारी मंडळाने त्या प्रसंगापुरती नेमलेल्या व्यक्तीच्या नावे. तेव्हा घटनेची पुस्तिका आधी उघडा. ‘दाव्याचे काम सचिव पाहील’ असे तिथे असताना अध्यक्षांनी सही केली तर नसता आक्षेप ओढवून घेतला असे समजा. नुसता ट्रस्ट असेल, सोसायटी नसेल, तर सर्व विश्वस्तांना सामील करा. एखादा येत नसेल तर त्याला प्रतिवादी करा.

आणखी एक बारकावा, जो घाईत सुटतो. व्यवसायाचे स्वातंत्र्य देणारे अनुच्छेद १९ नागरिकांसाठी आहे आणि संस्था नागरिक नाही. शिक्षणसंस्था चालवण्याचा हक्क अनुच्छेद १९(१)(छ) मध्ये बसतो हे टी.एम.ए. पै प्रकरणात २००२ साली ठरले, पण तो मांडायला हाडामांसाचा नागरिक लागतो. म्हणून दुसरा याचिकाकर्ता म्हणून एक विश्वस्त किंवा सभासद व्यक्तिशः जोडावा. अल्पसंख्याक संस्थांना अनुच्छेद ३० चा वेगळा आधार आहे, पण एक माणूस जोडायची सवय तिथेही वाईट नाही.

*हटवलेले मंडळ.* महाराष्ट्र शैक्षणिक संस्था (व्यवस्थापन) अधिनियम, १९७६ खाली व्यवस्थापन ताब्यात घेऊन प्रशासक नेमला, तर प्रश्न येतो की आता संस्थेच्या वतीने बोलणार कोण? दप्तर आणि शिक्का प्रशासकाकडे, आणि तो स्वतःच्या नेमणुकीला आव्हान देणार नाही. अशा वेळी हटवलेले पदाधिकारी त्या आदेशापुरती दाद मागू शकतात, कारण आदेश त्यांनाच लागला आहे. याचिका पदाधिकाऱ्यांच्या वैयक्तिक नावाने करा आणि संस्था ‘त्यांच्यामार्फत’ अशी जोडा. चार्ज द्यायची वेळ आली तर किल्ल्या लपवू नका, कपाटाला स्वतःचे कुलूप ठोकू नका. यादी करून, दोन्हीकडच्या सह्या घेऊन, ‘हक्क अबाधित ठेवून’ असे लिहून चार्ज द्या. खंडपीठासमोर अडवणूक करणारा म्हणून जाणे परवडत नाही.

*सभासद.* सोसायटीच्या बाबतीत प्रत्येक सभासद हा १९५० च्या कायद्याच्या कलम २(१०) खाली ‘हितसंबंधित व्यक्ती’ असतो. याचा अर्थ धर्मादाय कार्यालयाचे दार त्याला उघडे आहे. पण संस्थेला उद्देशून निघालेल्या शिक्षण खात्याच्या आदेशाला एकट्या सभासदाने हायकोर्टात आव्हान देणे अवघड, कारण ‘संस्थेला मान्य आहे, तुम्ही मध्ये कोण?’ हा प्रश्न येतो. मंडळच अधिकाऱ्यांशी संगनमत करून बसले असेल तर ती बाब कलम ४१अ किंवा ४१ड खाली धर्मादाय आयुक्तांपुढे न्यावी. आणि सभासद म्हणवणाऱ्याने आधी वर्गणीची पावती शोधावी. सोसायटी कायद्याच्या कलम १५ नुसार तीन महिन्यांपेक्षा जास्त वर्गणी थकली तर मत देता येत नाही आणि सभासद म्हणून गणलेही जात नाही. वर्षाचे पन्नास-शंभर रुपये न भरल्यामुळे चाळीस वर्षांचा सभासद दारात अडतो. समोरचा पक्ष हे कॅशबुक तपासतोच.

*मुख्याध्यापक व शिक्षक.* वैयक्तिक मान्यता (नेमणुकीला शिक्षणाधिकाऱ्याची मंजुरी) नाकारली, मान्यता रद्द केली, संचमान्यतेत (पटानुसार शाळेला मंजूर होणाऱ्या पदांच्या हिशोबात) पद उडाले आणि अतिरिक्त ठरवले, तर शिक्षकाचा हक्क थेट आहे. १५ मार्च २०२४ च्या संचमान्यतेच्या शासन निर्णयाचा फटका बसलेला शिक्षक आणि त्याची संस्था दोघेही बाधित. दोघांनी एकत्र याचिका केली तर बरेच आक्षेप आपोआप पडतात. मात्र मुख्याध्यापकाने व्यवस्थापनाच्या वतीने, मंडळाच्या ठरावाशिवाय, शाळेच्या लेटरहेडवर वकीलपत्र देऊ नये. तो नोकर आहे, मालक नव्हे, आणि उद्या नवे मंडळ आले तर हेच कागद त्याच्या चौकशीत निघतात.

*पालक.* शिक्षणहक्काच्या बाबतीत पालकांची बाजू सगळ्यात भक्कम आणि सगळ्यात कमी वापरलेली. मूलच मूळ हक्कदार आहे (अनुच्छेद २१अ, शिक्षणहक्क कायदा २००९), पालक त्याच्या वतीने येतो. ९ फेब्रुवारी २०२४ च्या नियमदुरुस्तीने सरकारी किंवा अनुदानित शाळेपासून एक किलोमीटरच्या आतल्या विनाअनुदानित शाळांना २५ टक्के प्रवेशातून सूट दिली, तेव्हा मुंबई उच्च न्यायालयात पालक गेले. ६ मे २०२४ ला स्थगिती मिळाली आणि १९ जुलै २०२४ ला दुरुस्ती रद्द झाली. ‘तुनं काय जास?’ ला तिथे सोपे उत्तर होते : माझ्या मुलाचा प्रवेश.

सातपुड्यात हे वेगळ्या रूपात येते. वीसपेक्षा कमी पटाच्या शाळा एकत्र करून समूह शाळा करण्याच्या चर्चेत नंदुरबारच्या तोरणमाळचे उदाहरण दिले गेले. तुमच्या पाड्याची शाळा दुसरीकडे जोडली तर पालकांनी दोन गोष्टी मोजून ठेवाव्यात : मुलांची यादी, इयत्ता आणि वयासह, आणि अंतर. नियमात पहिली ते पाचवीसाठी एक किलोमीटर व सहावी ते आठवीसाठी तीन किलोमीटर असे पायी अंतर धरले आहे. मोबाइलच्या नकाशावरची सरळ रेघ नव्हे, मूल ज्या वाटेने जाते ती वाट मोजा. मध्ये नाला असेल तर पावसाळ्यात किती दिवस पाणी उतरत नाही हे तलाठी किंवा ग्रामसेवकाकडून लेखी घ्या, जुलै-ऑगस्टमधले तारखेसह फोटो काढा. न्यायमूर्ती धडगावला आलेले नसतात. नाला त्यांना कागदावर दिसला पाहिजे.

शाळा व्यवस्थापन समितीत ७५ टक्के पालक असतात, तरी समिती ही स्वतंत्र कायदेशीर व्यक्ती नाही. म्हणून समितीचा ठराव जोडा, पण याचिकाकर्ते म्हणून तीन-चार पालक नावानिशी घ्या. अनुदानित शाळेत ही समिती केवळ सल्लागार असते. तिने व्यवस्थापनाचा कारभार आपल्या हातात आहे असा दावा करू नये.

*ग्रामपंचायत, ग्रामसभा.* ग्रामपंचायत ही कायद्याने स्थापन झालेली संस्था असल्याने ती दावा करू शकते, पण खासगी संस्थेच्या व्यवस्थापनाच्या वादात तिचे काय जाते, हे सांगावे लागते. शाळेला गावठाणाची जागा विशिष्ट अटीवर दिली असेल आणि आदेशाने ती अट मोडत असेल तर तेवढ्यापुरता हक्क आहे. जागा दान देणाऱ्या कुटुंबाचेही असेच. दानपत्राच्या अटीबद्दल बोला, सचिव कोण असावा याबद्दल नव्हे. जिल्हा परिषदेची शाळा बंद होत असेल तर गोष्ट वेगळी. तिथे ग्रामसभेचा ठराव पालकांच्या याचिकेला चांगले वजन देतो, विशेषतः पेसा क्षेत्रात, म्हणजे ग्रामसभांना जादा अधिकार असलेल्या आदिवासी भागात.

*शेजारची संस्था.* एकाच गावात दोन शाळा आणि तुकड्यांसाठी चढाओढ हे चित्र खान्देशात नवे नाही. ‘त्यांना परवानगी दिली, आमचा पट कमी होईल’ एवढ्यावर याचिका टिकत नाही. जसभाई मोतीभाई देसाई प्रकरणात, १९७५ मध्ये, एका सिनेमागृहाच्या मालकाने शेजारच्या नव्या सिनेमागृहाला मिळालेल्या ना-हरकत दाखल्याला आव्हान दिले होते. सर्वोच्च न्यायालयाने म्हटले, धंद्यातली स्पर्धा म्हणजे कायद्याची इजा नव्हे. (योगायोग असा, की वरचा गोरधनदासचा निकालही सिनेमागृहाचाच. शाळावाल्यांनी सिनेमाच्या निकालांवर जगावे हे नशीब.) कायद्याने किंवा नियमाने तुम्हाला हरकत घेण्याचा हक्क दिला होता आणि तो डावलला, असे दाखवता आले तरच पुढे जा.

*तक्रारदार.* सर्वांत मोठा गैरसमज इथे आहे. ‘माझ्याच तक्रारीवर चौकशी झाली, म्हणजे मी पक्षकार’ असे नाही. अय्यूबखान नूरखान पठाण प्रकरण २०१२ चे, महाराष्ट्रातलेच आणि भिल्ल तडवी जमातीच्या दाखल्यावरून निघालेले. त्यात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की ज्याचे स्वतःचे काही गेले नाही असा त्रयस्थ दुसऱ्याच्या सेवेच्या वा दर्जाच्या बाबीत याचिका करू शकत नाही. नोकरीच्या बाबतीत जनहित याचिकाही चालत नाही, हे दुर्योधन साहू प्रकरणात १९९८ मध्ये ठरले आहे. त्यामुळे ‘अमुक मुख्याध्यापकाची मान्यता रद्द करा’ अशी जनहित याचिका गावातल्या कार्यकर्त्याने करू नये. त्याच पदाचा ज्येष्ठतेने हक्कदार असलेला शिक्षक मात्र करू शकतो.

संघटनांबद्दल थोडक्यात : धोरणाच्या शासन निर्णयाला शिक्षक संघटना किंवा मुख्याध्यापक संघ आव्हान देऊ शकतो, पण सोबत दोन बाधित शिक्षक नावाने जोडलेले बरे. आमदार, माजी विद्यार्थी मंडळ, ‘गावकरी’ या नात्याने कोणी येऊ नये.

दोन मंडळे, एक शिक्का

याला वेगळी जागा द्यायला हवी, कारण आपल्याकडची निम्मी डोकेदुखी इथूनच निघते. निवडणूक होते, दोन गट दोन सभा घेतात, दोन्हीकडून चेंज रिपोर्ट दाखल होतात, आणि शिक्षण विभागाचे पत्र येते की यापुढे अमुक सचिवांच्या सहीचेच प्रस्ताव घेतले जातील.

चेंज रिपोर्ट म्हणजे विश्वस्त बदलल्याचा, १९५० च्या कायद्याच्या कलम २२ खालचा बदल अहवाल. बदल झाल्यापासून ९० दिवसांत द्यायचा. विश्वस्त कोण, हे ठरवायचे काम धर्मादाय यंत्रणेचे आहे. शिक्षणाधिकाऱ्याने दोन गटांपैकी खरा कोण याचा निवाडा करू नये, ही न्यायालयाची वारंवार घेतलेली भूमिका आहे. तो फार तर नोंद बघून तात्पुरते काम चालवू शकतो. त्यामुळे अशा पत्राला आव्हान देताना ‘आमचेच मंडळ खरे’ हे सिद्ध करायला जाऊ नका. ‘हे ठरवायचा अधिकारच शिक्षणाधिकाऱ्याला नाही’ एवढेच म्हणा. पहिला मुद्दा घेतलात तर न्यायालय तुम्हाला धर्मादाय कार्यालयात परत पाठवेल. दुसरा घेतलात तर अधिकारक्षेत्राचा प्रश्न म्हणून याचिका ऐकली जाऊ शकते.

हक्क दाखवायला काय लागेल? परिशिष्ट एकचा, म्हणजे शेड्यूल वनचा (धर्मादाय कार्यालयातल्या ट्रस्टच्या नोंदीचा), ताजा उतारा. तुमच्या गटाचा चेंज रिपोर्ट प्रलंबित असेल तर त्याची पोहोच, सभेची नोटीस, ती सभासदांना पोहोचल्याचा पुरावा, हजेरी आणि इतिवृत्त. ‘उताऱ्यात नाव नाही म्हणजे हक्क नाही’ असे समोरचे म्हणतील. उत्तर असे की बदल निवडणुकीने घडतो, नोंद त्याची दखल घेते. पण हे उत्तर द्यायची पाळी येऊ नये म्हणून उताऱ्यात नाव असलेला तुमच्या बाजूचा एखादा जुना विश्वस्त सहयाचिकाकर्ता घ्या. ही साधी युक्ती अर्धा वाद मिटवते.

कोणते दार

हक्क असला तरी चुकीच्या दारी गेलात तर परत पाठवतात, आणि त्यात मुदत जाते.

चेंज रिपोर्टवरचा उप किंवा सहायक धर्मादाय आयुक्तांचा निर्णय : १९५० च्याच कायद्याच्या कलम ७० खाली अपील, ६० दिवसांत. त्या अपिलातल्या निर्णयाविरुद्ध कलम ७२ खाली जिल्हा न्यायालयात अर्ज, पुन्हा ६० दिवस. शिक्षकाला व्यवस्थापनाने काढले, पदावनत केले किंवा पदोन्नतीत डावलले : १९७७ च्या खासगी शाळा कर्मचारी कायद्याच्या कलम ९ खाली शाळा न्यायाधिकरण, ३० दिवसांत. लक्षात घ्या, हे व्यवस्थापनाच्या आदेशासाठी आहे. शिक्षणाधिकाऱ्याने मान्यता नाकारली तर कलम ९ लागत नाही. मुलांच्या हक्काची तक्रार : शिक्षणहक्क कायद्याच्या कलम ३२ खाली स्थानिक प्राधिकरणाकडे लेखी. तीन महिन्यांत निकाल अपेक्षित आहे आणि अपील राज्य बालहक्क आयोगाकडे.

उरलेले बहुतेक आदेश, म्हणजे प्रशासक, मान्यता, संचमान्यता, वैयक्तिक मान्यता, शाळा बंद करणे किंवा हलवणे, अनुच्छेद २२६ खाली हायकोर्टात जातात. पर्यायी उपाय असतानाही हायकोर्ट ऐकू शकते असे प्रसंग व्हर्लपूल प्रकरणाने १९९८ मध्ये सांगितले : मूलभूत हक्काचा भंग, नैसर्गिक न्यायाचा भंग, अधिकारच नसताना दिलेला आदेश, किंवा कायद्याच्या वैधतेलाच आव्हान. मान्यता काढण्याच्या आदेशात तर शिक्षणहक्क कायद्याच्या कलम १८ मध्येच सुनावणी सक्तीची आहे, आणि मुलांनी कोणत्या शेजारच्या शाळेत जायचे हेही आदेशात लिहावे लागते. ते लिहिलेले नसेल तर संस्थेला आणि पालकांना, दोघांनाही मुद्दा मिळाला.

जळगाव, धुळे, नंदुरबार हे तिन्ही जिल्हे औरंगाबाद खंडपीठाकडे येतात, पण शिक्षण उपसंचालक नाशिकला बसतात. नाशिक जिल्हा मात्र मुंबईच्या मुख्यपीठाकडे. उपसंचालकांचा आदेश नाशिकहून निघाला म्हणून मुंबईला धाव घेऊ नका. शाळा जिथे आहे आणि आदेशाचा परिणाम जिथे झाला, तिथले खंडपीठ धरा. चाळीसगावहून कन्नडचा घाट चढला की झाले.

कागद गोळा करताना

माहितीच्या अधिकारात दहा रुपयांचा अर्ज, एका अर्जात एकच विषय आणि मजकूर १५० शब्दांत. ‘सर्व कागदपत्रे द्यावीत’ असे लिहिलेत तर ‘माहिती मोघम’ म्हणून परत येतो. लाल गोल केलेल्या संदर्भांचे क्रमांक आणि तारखा टाका : चौकशी अहवाल, टिपणी पाने, सुनावणीचे रोजनामे. उत्तराला ३० दिवस लागतात. प्रशासकाचा आदेश असेल तर उत्तराची वाट बघत बसू नका. याचिका करा आणि नोंदीचे दप्तर न्यायालयापुढे मागवण्याची विनंती त्यातच घाला.

रिटला, म्हणजे अनुच्छेद २२६ खालच्या याचिकेला, ठरलेली मुदत नाही, हे अर्धसत्य आहे. उशीर झाला तर तो समजावून सांगावा लागतो, आणि दरम्यान मंत्रालयापर्यंत नुसती निवेदने देत राहिल्याने वेळ वाढत नाही. एक निवेदन, पोहोचेसह, पुरे.

ठराव असा असावा : सभेची तारीख, गणसंख्या, आव्हान द्यायच्या आदेशाचा क्रमांक व दिनांक, सही करणाऱ्याचे नाव, वकील नेमण्याचा अधिकार, आणि खर्च कोणत्या खात्यातून. ‘योग्य ती कायदेशीर कारवाई करण्यास सचिवांना अधिकार देण्यात येत आहे’ असला गोलमोल ठराव प्रोसिडिंग बुकात बरा दिसतो, पण आदेशाच्या आधीच्या तारखेचा निघाला तर फजिती होते. ठराव आदेशानंतरच्या तारखेचा आणि त्याच आदेशाचे नाव घेणारा हवा. वेतनेतर अनुदानातून वकिलाची फी देऊ नका. तो लेखापरीक्षणात वेगळा आक्षेप होतो.

यु-डायस क्रमांक, म्हणजे शाळेचा सरकारी ओळख क्रमांक, याचिकेत टाका. नंदुरबारचा २७०१ ने, धुळ्याचा २७०२ ने, जळगावचा २७०३ ने सुरू होतो. एकाच संस्थेच्या सारख्या नावाच्या तीन शाखा असतात तेव्हा आदेश कोणत्या शाळेचा, हा घोळ या अकरा आकड्यांनी टळतो.

समोर कोण

शालेय शिक्षण व क्रीडा विभागाच्या सचिवांमार्फत महाराष्ट्र शासन, संचालक, नाशिकचे उपसंचालक, शिक्षणाधिकारी, आणि जिल्हा परिषदेची शाळा असेल तर मुख्य कार्यकारी अधिकारी. आश्रमशाळेच्या बाबतीत मात्र खातेच वेगळे : आदिवासी विकास विभाग, नाशिकचे अपर आयुक्त आणि संबंधित प्रकल्प अधिकारी, नंदुरबार, तळोदा, धुळे किंवा यावल. आश्रमशाळेच्या याचिकेत शिक्षणाधिकाऱ्याला पहिला प्रतिवादी करून प्रकल्प कार्यालय विसरणे ही नेहमीची चूक आहे.

ज्याला आदेशाचा फायदा झाला तो आवश्यक पक्षकार. विरोधी गटाचा सचिव, नेमलेला प्रशासक, ज्या शाळेत मुले वळवली ती शाळा, ज्याची पदोन्नती झाली तो शिक्षक. त्याला वगळून गुपचूप स्थगिती घेतलीत तर पुढच्या तारखेला तो हस्तक्षेप अर्ज घेऊन येतो, तुम्ही काय लपवले ते सांगतो आणि स्थगिती जाते. त्याने आधीच कॅव्हेट टाकले असण्याची शक्यता धरा. ते ९० दिवस चालते आणि त्या काळात त्याला प्रत दिल्याशिवाय तुमचे ऐकले जात नाही. धर्मादाय कार्यालयात, दिवाणी न्यायालयात, पोलिसांत जे काही प्रलंबित आहे ते सगळे याचिकेत सांगा, अडचणीचे असले तरी.

स्थगिती मिळाल्यानंतर

न्यायालयाने सरकारी आदेश ‘स्थगित’ केला आहे की ‘जैसे थे’ ठेवायला सांगितले आहे, हे आधी नीट वाचा. ‘जैसे थे’ म्हणजे न्यायालयाच्या आदेशाच्या दिवशी जी स्थिती होती ती. प्रशासकाने तोपर्यंत चार्ज घेतला असेल तर तोच राहतो, आणि गावात फटाके फोडून काही उपयोग नाही. म्हणून विनंतीतच ‘चार्ज घेतला असल्यास परत द्यावा’ ही ओळ घालायला वकिलांना सांगा. प्रमाणित प्रत हातात आली की त्याच दिवशी शिक्षणाधिकारी कार्यालय, वेतन पथक आणि बँकेत आवक क्रमांकासह द्या, शिक्क्याच्या पोहोचा एकत्र लावा. चार्ज परत घेताना पुन्हा यादी करा. पहिल्या यादीशी ताडून कमी-जास्त असेल ते तिथल्या तिथे लिहा आणि देणाऱ्याची सही घेतल्याशिवाय कपाट उघडू नका.